‘रेड रिव्हर व्हॅली’ हे काउबॉय प्रेमगीत मूळचं कुठलं?

बरेच जण टेक्सासचं समजतात. त्यालाही कारण आहे: टेक्सासच्याच कार्ल स्प्रेगने १९२५ मध्ये ते ‘काउबॉय लव्ह साँग’ नावाने रेकॉर्ड केलं. पण गाणं त्याहून जुनं. आयोवातल्या एका हस्तलिखितावर १८७९ आणि १८८५ ही सालं आहेत. १८९६ मध्ये न्यूयॉर्कात ते छापलं गेलं, तेव्हा खोरं मोहॉक नदीचं झालं होतं! लोकगीतांच्या अभ्यासक ईडिथ फाउक यांना मात्र त्याआधीच कॅनडाच्या किमान पाच प्रांतांत ते माहीत असल्याचे पुरावे मिळाले. त्यांच्या मते ही रेड नदी मॅनिटोबातली; १८७० च्या वोल्सली या लष्करी मोहिमेवर आलेला सैनिक परत निघालाय आणि तिथली मेटिस (मूलनिवासी आणि युरोपीय अशा मिश्र वंशाची) मुलगी त्याला थांबवू पाहतेय. मला हे पटतं. गाण्यात बोलतं ते मागे राहणारं माणूस, घोड्यावरून निघून जाणारं नाही.