युद्धोत्तर जपानी कादंबरी : सुरुवात कुठून करावी?
हिरोशिमावरील अणुबॉम्बच्या कादंबऱ्यांपासून आरंभ करण्याचा मोह आवरून ओओका शोहेइ यांची 1951 सालची ‘नोबी’ (‘मैदानातील वणवे’) ही कादंबरी आधी हाती घ्यावी, असे मी सुचवेन. लेखक स्वतः फिलिपिन्समध्ये युद्धकैदी झाले होते. आरंभीच क्षयग्रस्त शिपाई तामुरा याला वरिष्ठ थोबाडीत मारतो आणि रुग्णालयाने घेतले नाही तर हातबॉम्बने स्वतःला संपव, असे बजावतो. म्हणजे शत्रूची गोळी लागण्याआधीच ‘सम्राटाचा सैनिक’ ही त्याची ओळख गळून पडते. त्यानंतर एन्दो शुसाकु यांची ‘उमि तो दोकुयाकु’ (‘समुद्र आणि विष’) वाचावी. अमेरिकी कैद्यांवरील जीवघेण्या शस्त्रक्रियांत सामील झालेल्या डॉक्टरांची ही कादंबरी अधिक अस्वस्थ करते, कारण जपानी माणूस तिथे केवळ बळी उरत नाही. कादंबरीकार दाझाई ओसामु, कितीही लोकप्रिय असले, तरी नंतर वाचले तर चालतील.