वडिलांच्या कामात हात घातला तर त्यांच्याशी जवळीक वाढते का?

तुम्ही लिहिलंय की बाबांचं मोटार रिवाइंडिंगचं, म्हणजे विजेच्या जळालेल्या मोटारींत नव्याने तार गुंडाळून देण्याचं, दुकान आहे, घरी ते फारसे बोलत नाहीत, आणि तुम्ही दुकानात जाऊन बसलात तर काही फरक पडेल का, असं विचारलंय. पडेल. पण नुसतं बसू नका, काम मागून घ्या.

आम्ही मिरजेचे. अब्बा तंबोरे करतात. शस्त्रांना धार लावणाऱ्या शिकलगारांनी इथे १८५० च्या सुमारास हे काम सुरू केलं. २०२४ मध्ये मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला भौगोलिक मानांकन मिळालं, त्यावरही अब्बा "बरं झालं" एवढंच म्हणाले. घरात आमचं बोलणं "जेवलीस का?"च्या पुढे जात नसे.

कॉलेज संपल्यावर मी कारखान्यात जायला लागले. आधी मंगळवेढा-पंढरपूरकडून आलेले, तंबोऱ्याच्या तुंब्यासाठीचे वाळके भोपळे भिजत घालायचे, आतून खरवडायचे. मग जवारीला, म्हणजे तारेला गुंजन आणायच्या कामाला, बसले. घोडीचा, म्हणजे तारा ज्यावर टेकतात त्या पट्टीचा, माथा कानशीने किंचित उतरता घासायचा, तार चढवायची, तारेखाली सूत सरकवायचं, ऐकायचं. पटलं नाही की तार उतरवून पुन्हा कानस. सूत केसभर हललं तरी गुंजन बदलतं. मी सूत धरायचे, अब्बा डोळे मिटून सांगायचे, "मागं घे. अजून. हां, बस." असंच एकदा तार उतरवताना ते म्हणाले की लहानपणी त्यांना गाणं शिकायचं होतं. हे अम्मीलाही ठाऊक नव्हतं!

माझं ठाम मत आहे: या पिढीतल्या पुरुषांना समोर बसवून "मनातलं सांगा" म्हटलं की ते आणखी मिटतात. हात कामात असले, नजर कामावर असली, की आपसूक बोलतात. मात्र गेल्या गेल्या "हिशेब मोबाइलवर घेऊ" वगैरे सुधारणा सुचवू नका. आणि खोटा रस दाखवू नका, कारागिराला तो लगेच कळतो.

तुमच्या बाबांच्या दुकानात जळालेली मोटार आली की जुनी कॉइल काढताना वेढे मोजावे लागतात, तारेचं गेज, म्हणजे जाडी, बघावं लागतं, जोडण्या टिपून ठेवाव्या लागतात. ते मोजायचं आणि वहीत लिहायचं काम तुम्ही घ्या. वेढे कमी-जास्त झाले तर मोटारीचं काय होतं, हे त्यांनाच विचारा.