पुण्यातून एवढी गर्दी जायची, तरी इमॅजिका थीम पार्क डबघाईला का आलं?

गर्दी होती, पण ती शनिवार-रविवारची आणि मे महिन्याची. मंगळवारी ‘नायट्रो’ या रोलर कोस्टरवर चार डोकी असोत की गाडी भरलेली, वीज, देखभाल आणि माणसांचे पगार तेवढेच लागतात. त्यावर बँकांचं व्याज!

चित्रपट निर्माते मनमोहन शेट्टींच्या ॲडलॅब्ज कंपनीने २०१३ मध्ये खोपोलीजवळ पार्क उघडलं ते मोठं कर्ज काढून. लगेच वॉटर पार्क, हॉटेल, स्नो पार्क. २०१५ मध्ये कंपनी शेअर बाजारात आली, तेव्हाच प्रतिसाद थंड म्हणून भाव उतरवावा लागला. माझ्या मते धोक्याची घंटा तिथेच वाजली होती. पुढे तिकिटावर जीएसटी आला, सुरुवातीला चक्क २८ टक्के. २०१८ मध्ये तो १८ वर आला. आधीच चौघांचं तिकीट आणि आतलं जेवण धरलं की मध्यमवर्गीय पुणेकर ‘एकदा पाहिलं, झालं’ म्हणायचा. (आपण पुणेकर, पैसे वसूल झाल्याशिवाय परत जातो कुठे?) कोरोनात तर गेटच बंद.

पण बुडालं म्हणू नका. २०२२ मध्ये संगमनेरच्या मालपाणी समूहाने ते घेतलं. लोणावळ्याचं ‘वेट एन जॉय’ वॉटर पार्कही त्यांचंच. पार्क सुरू आहे. जायचं तर मधल्या वारी जा.