रोबोट मोडू नका, त्याला लाटू द्या

१९३०च्या धाटणीच्या तुमच्या एका मिनिटाच्या ॲनिमेशन फिल्ममधला पोळ्या लाटणारा रोबोट सुरुवातीलाच स्प्रिंगा उडवत कोसळतो आणि कुणीच हसत नाही, असं लिहिलंय तुम्ही. अगदी हीच चूक मलाही फार महागात पडलीय. चित्रांत दोष नाही, दोष स्टोरीबोर्डमध्ये, म्हणजे प्रसंगांच्या चित्र-आराखड्यात आहे. यंत्र मोडलं की गंमत तिथेच संपते.

डिस्नेची १९३७ची 'मॉडर्न इन्व्हेन्शन्स' फ्रेम-फ्रेम करून बघा. केस कापणारी खुर्ची बिघडलेलीच नाही. डोनाल्ड तिच्यात उलटा अडकलाय, एवढंच. ती बुडाकडची पिसं नीट कापते आणि तोंडाला बूटपॉलिश फासते. टोपी काढून घेणारा रोबोटही तसाच: डोनाल्डने नवी टोपी घातली की तीही अदबीने नेतो. 'मिकीज मेकॅनिकल मॅन'मध्ये (१९३३) रोबोट पिसाळतो खरा, पण हॉर्न ऐकून तो पिसाळतो हे मुष्टियुद्धाच्या सामन्याआधीच दाखवून ठेवलंय.

म्हणून पहिली फेरी बिनचूक दाखवा. ७२ फ्रेम (सेकंदाला २४ प्रमाणे ३ सेकंद), टूजवर, म्हणजे एक चित्र दोन फ्रेम धरून, ३६ चित्रं: गोळा उचल, लाट, तव्यावर टाक. दुसऱ्या फेरीत रोबोटची चित्रं तीच, फक्त गोळ्याच्या जागी मालकाची टोपी. तिसऱ्यांदा तीच ३६ वनजवर (एक चित्र एकच फ्रेम) चालवा, वेग आपोआप दुप्पट होतो. १२ फ्रेमला एक ठोका धरलात तर ६ ठोके आणि मग ३, संगीतातही चपखल बसतं.

रोबोटच्या लेयरवरचं इझिंग, म्हणजे हालचाल हळू सुरू होऊन हळू थांबणं, पूर्ण बंद करा. हात सारख्या अंतराने सरकू दे, टोकाला ४ फ्रेम होल्ड (चित्र स्थिर), आणि 'खट्' आवाज होल्डच्या पहिल्याच फ्रेमवर. इझिंग राहिलं तर पत्रा रबरासारखा दिसतो. वळणदार, लवचीक हालचाल मालकाला द्या.

आणि ध्वनिमुद्रणाआधी 'सेकंदाला २४ फ्रेम' असं स्टुडिओला लेखी कळवा. टीव्हीच्या सवयीने २५ धरणारे स्टुडिओ आहेत. ६० सेकंदांचा ट्रॅक ५७.६ सेकंदांचा होतो, सगळे 'खट्' चुकतात, आणि वर दुरुस्तीचे पैसेही आपल्याकडेच मागतात! संताप येतो.

हे सगळं विनोदी फिल्मपुरतं. फ्लायशर स्टुडिओच्या १९४१च्या सुपरमॅनपटासारखं साहस असेल तर यंत्रमानवांची मोडतोड शोभते. तुम्हाला कोसळणं हवंच असेल तर शेवटच्या ३ सेकंदांत ठेवा, आणि धड आडवं झालं तरी लाटणं त्याच ठेक्यात फिरत राहू दे.