वाचकांचे प्रश्न : त्वोमात्स्क्ये रस्त्यावरील सिनेगॉग

प्रश्न : टेंभी नाक्यावरील ‘शाआर हाशामाईम’ या १८७९ सालच्या सिनेगॉगसमोरून (यहुदी प्रार्थनास्थळासमोरून) मी लहानपणापासून ये-जा करतो. त्याच सुमारास पोलंडमधील वॉर्सॉ शहरात बांधलेले भव्य सिनेगॉग दुसऱ्या महायुद्धात नष्ट झाले, असे वाचले. ते बॉम्बहल्ल्यात पडले का? आज त्या जागी काय आहे?
– एक वाचक, चरई, ठाणे

उत्तर : बॉम्बहल्ल्यात नव्हे. ते स्फोटके लावून, ठरवून उडवण्यात आले. वास्तुविशारद लेआंद्रो मार्कोनी यांच्या आराखड्यानुसार त्वोमात्स्क्ये रस्त्यावर बांधलेले हे सिनेगॉग २६ सप्टेंबर १८७८ रोजी, यहुदी नववर्षाच्या तोंडावर, खुले झाले. म्हणजे तुमच्या टेंभी नाक्यावरील वास्तूपेक्षा ते जेमतेम वर्षाने थोरले. दोन हजारांहून अधिक माणसे तेथे बसू शकत. प्रवचन पोलिश भाषेत होत असे. ज्या शहरात राहायचे त्याच शहराच्या भाषेत धर्म सांगायचा, ही त्यामागची भूमिका होती, आणि बेने इस्रायलांनी, म्हणजे आपल्याकडच्या मराठी भाषक यहुद्यांनी, आपल्या धर्मकथा मराठी कीर्तनांतून सांगितल्या हे जाणणाऱ्या ठाणेकराला ती वेगळी समजावून सांगायला नको. गेर्शोन सिरोटा हे येथील नामवंत हजान, म्हणजे प्रार्थना गाऊन चालवणारे गायक. त्यांचा आवाज ग्रामोफोनच्या तबकड्यांवर उतरला होता. ते स्वतः १९४३ साली वॉर्सॉच्या बंदिस्त यहुदी वस्तीत (नाझी जर्मनांनी यहुद्यांना कोंडलेल्या ‘घेटो’त) मारले गेले.

त्याच वर्षी १९ एप्रिलला त्या वस्तीतील उरल्यासुरल्या लोकांनी, तुटपुंज्या शस्त्रांनिशी, उठाव केला आणि जवळपास चार आठवडे जर्मन सैन्याला झुंजवले. उठाव चिरडणारा अधिकारी यूर्गेन श्ट्रोप याने १६ मे रोजी रात्री सव्वाआठ वाजता सिनेगॉग उडवून मोहीम संपल्याचे जाहीर केले आणि तसे आपल्या अहवालातही नोंदवले. वास्तविक हे सिनेगॉग त्यापूर्वीच वस्तीच्या हद्दीबाहेर गेले होते; लढाईसाठी ते पाडण्याची काहीच गरज नव्हती. येथे यहुदी राहत होते याची शहरातील सर्वांत ठळक खूण पुसायची, एवढाच हेतू होता, आणि म्हणूनच ‘युद्धात नष्ट झाले’ असे म्हणणे मला अपुरे वाटते. श्ट्रोपला १९५२ साली वॉर्सॉतच फाशी झाली.

त्या जागी आता १९९१ मध्ये पूर्ण झालेली निळ्या काचांची उंच इमारत आहे. शेजारची यहुदी ग्रंथालयाची इमारत मात्र वाचली. तीत आज यहुदी इतिहास संस्था असून, वस्तीतील इतिहासकार इमान्युएल रिंगेलब्लुम आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पत्र्याच्या पेट्यांत व दुधाच्या किटल्यांत भरून जमिनीखाली पुरलेली वस्तीची कागदपत्रे, जी १९४६ आणि १९५० साली खणून काढण्यात आली, ती तेथेच जपली आहेत. दर्शनी दालनाची फरशी बदललेली नाही. सिनेगॉगच्या स्फोटानंतर आग तेथवर पोहोचली होती. तिचे करपलेले डाग त्या फरशीवर अजून दिसतात आणि आत येणारा प्रत्येक जण त्यांवरूनच पुढे जातो.