वाचकांचे प्रश्न : कांदाटीची माणसं कुठे गेली?

प्रश्न : आमचे आजोबा स्वतःला 'कांदाटीकडचे' म्हणायचे. कोयना धरणात घर उठलं आणि आम्ही इकडचे झालो. गेल्या मे महिन्यात मी पहिल्यांदाच सातारा जिल्ह्यातल्या तापोळ्याहून लाँचने कोयनेच्या तलावापलीकडे गेले. एका वाडीत सहा-सात घरं उघडी, त्यांतही सगळी म्हातारी माणसं. हे खोरं आधीपासूनच असं ओस होतं, की धरणाने केलं? आणि आजोबांच्या जुन्या कागदात गावाच्या नावापुढे 'तर्फ' लिहिलंय, ते काय? — एक वाचक, पनवेल

उत्तर : ताई, तर्फेचं आधी सांगतो, ते सोपं आहे. परगण्याखालचा गावांचा गट म्हणजे तर्फ. तो कारभार कधीच संपला, पण गावाच्या शेपटीला शब्द तेवढा राहिला. दरे तर्फ तांब, बामणोली तर्फ कुडाळ, पर्वत तर्फ वाघावळे. एकाच नावाची गावं इतकी, की शेपूट कापली तर भलत्याच गावचा सातबारा हातात यायचा. (यातल्या दऱ्याचे एकनाथ शिंदे मुख्यमंत्री झाले, तेव्हा कुठे टीव्हीवाल्यांनी हा मुलूख नकाशावर शोधला.)

आता मोठा प्रश्न. मी जमीनमोजणीत नोकरी केली. साखळी, फलक आणि शिधा घेऊन त्या लाँचमधून बरेच उन्हाळे गेलो, त्या आधारावर लिहितो.

ओस नव्हतं, पण दाटही कधी नव्हतं. कोयना महाबळेश्वराला उगवते आणि सह्याद्रीच्या कण्याला धरून सरळ दक्षिणेला उतरते. हेळवाकपाशी काटकोनात वळते, मग कऱ्हाडला कृष्णेला मिळते. कांदाटी नदीचं खोरं तिच्याही पश्चिमेला, अगदी कड्याला चिकटून. त्याच्या पाठीमागची डोंगराची भिंत ओलांडली की खाली कोकण. वर जांभा, उतारावर कारवी आणि रान, पाऊस तर विचारू नका. भाताची खाचरं फक्त नदीलगतच्या चिंचोळ्या पट्टीत. बाकी उतारावर कुमरी : रान तोडायचं, जाळायचं, दोन-तीन वर्षं नाचणी-वरी घ्यायची आणि पुढच्या तुकड्याकडे जायचं. अशा शेतीत एका घराला सगळा डोंगर लागतो. माणसं वाढणार कुठून?

हीच अडचण राज्यकर्त्यांना सोयीची होती. चंद्रराव मोऱ्यांची जावळी या झाडीवरच उभी होती. १६५६ मध्ये शिवाजी महाराजांनी ती घेतली आणि तीन वर्षांनी अफझलखानाला याच अडचणीत ओढलं. राजापूरच्या वखारीत पकडलेल्या इंग्रजांना १६६१ मध्ये ठेवलं तेही वासोटा किल्ल्यावर. तुम्ही लाँचमधून समोर जो काळा कडा पाहिला असेल, तोच तो. तिथून पळून जाणार तरी कुठे?

धरणाने माणसं उठवली हे सगळेच सांगतात. शंभराच्या आसपास गावं ठाणे, रायगड, सोलापूर, सांगली अशी पांगली, आणि राज्याचा पुनर्वसनाचा कायदा आला तो १९७६ मध्ये. धरण १९६४ चं. पण माझ्या मते खरी हानी वेगळीच झाली. धरणाने खोऱ्याचा मध्य घेतला. भाताची पट्टी, नदीकाठची वाट, नदी ओलांडायचे उतार, बाजाराची गावं, सगळं गेलं आणि दोन्हीकडचे काठ तेवढे उरले. नुसत्या काठावर खोरं जगत नाही. आधी हाकेच्या अंतरावर असलेली सोयरीक लाँचच्या वेळापत्रकावर गेली.

हे मला एका म्हाताऱ्याने शिकवलं. गावनकाशा मांडीवर पसरून मी हद्दीचा दगड शोधत होतो. कापडावर चिकटवलेला जुना कागद, त्यातले अर्ध्याहून जास्त जमिनीचे नंबर पाण्यात. त्या म्हाताऱ्या बाबांना विचारलं, तुमचा नंबर कुठला? त्यांनी काठी उचलून सरळ तलावाकडे केली. "ती लाँच वळतिया न्हवं, तिथं आमचं खाचर." मी वहीत काय लिहिणार? 'जलमग्न' लिहिलं आणि खाली सही केली.

पुढचं तुम्हाला ठाऊकच असेल. १९८५ मध्ये कोयना अभयारण्य झालं, २०१० मध्ये ते सह्याद्री व्याघ्र प्रकल्पात गेलं. कुमरी बंद, रानात कोयता नेणं बंद. वासोट्याच्या पायथ्याचं मेट इंदवली हे गाव तर उठलंच. तरणीताठी पोरं मुंबईला गेली. शिंदी, वळवण, आकल्पे, उचाट या बाजूच्या लोकांना रघुवीर घाटाने खाली खेड जवळ पडतं. सातबारा महाबळेश्वरला आणि बाजार रत्नागिरी जिल्ह्यात. पावसाळ्यात घाटात दरड आली की तोही रस्ता बंद. आणि तलावातलं बरंचसं पाणी डोंगराच्या पोटातल्या बोगद्यांतून खाली कोकणात पोफळीला उतरतं, वीज करतं आणि वाशिष्ठी नदीला मिळतं. मी जायचो तेव्हा काठच्या वाड्यांत रॉकेलची चिमणीच होती, हे लिहिल्याशिवाय राहवत नाही.

एक गोष्ट मात्र धरणाने परत दिली, तीही उधारीवर. उन्हाळ्यात पाणी मागे सरलं की गाळ उघडा पडतो, त्यात जे पिकवतात ती गाळपेर. पाऊस लागेपर्यंतच जमीन तुमची.

आजोबांची जागा पाहायची असेल तर पुन्हा मे अखेरीलाच जा, पाणी तळाला असताना. त्याआधी तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयातून गावनकाशाची नक्कल काढा, नाव तर्फेसकट सांगा. लाँचवाला वयस्कर बघून घ्या, तरण्यांना जुनी नावं माहीत नसतात. जोत्याचे दगड दिसले तर शेजारी जातं किंवा उखळ शोधा, घर ओळखायची तीच खूण. गाळात एकट्या उतरू नका. वरून कोरडा दिसतो, आतून गुडघ्यापर्यंत घेतो.