गोष्ट नसलेलं ॲनिमेशन आणि लेकीचं करिअर

प्रश्न : मुलगी १७ वर्षांची आहे. ॲनिमेशनच करायचं म्हणते, पण पात्रं नकोत, गोष्ट नको. फिल्मच्या पट्टीवर ब्रशने रंग लावत तासन्‌तास बसते. पडद्यावर नुसते आकार हलतात, मला काही अर्थ लागत नाही. यावर तिचं पोट भरेल का?

उत्तर : नमस्कार ताई. पुढच्या वेळी तिचं काम बघताना अर्थ शोधू नका. आवाज बंद करून दोनदा बघा. रंग कुठून आला, कुठे विरला, आपली नजर कशामागे धावली, एवढंच. या कलेत दिसणं हाच सगळा ऐवज आहे.

आणि हे काम कष्टाचं आहे. सेकंदाला २४ चौकटी (फ्रेम, म्हणजे पट्टीवरची एकेक चित्रं), म्हणजे मिनिटाला १,४४०. ३५ मिलिमीटरच्या पट्टीवर एक चौकट जेमतेम २२ मिलिमीटर रुंद असते. तिथे ठिपका केसभर सरकला तरी पडद्यावर तो थरथरताना दिसतो. नॉर्मन मॅक्लारेन आणि एव्हलिन लॅम्बार्ट या ॲनिमेटरांनी १९४९च्या ‘बिगॉन डल केअर’ या फिल्ममध्ये बऱ्याच ठिकाणी चौकटींची पर्वा न करता पट्टी सलग रंगवली. ते तुकडे मायलेकी मिळून जरूर बघा, रंग अक्षरशः वाहतात!

आता पोटापाण्याचं. निव्वळ यावर घर चालणं फार अवघड, हे स्पष्टच सांगते. या कलेतल्या मोठ्या माणसांनीही आधार शोधलाच. लेन लाय यांची १९३५ची ‘अ कलर बॉक्स’ ही ब्रिटिश टपाल खात्याच्या पार्सल सेवेची जाहिरात होती. मॅक्लारेन कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डात पगारी नोकरीत होते. स्टॅन ब्रॅकेज विद्यापीठात शिकवायचे.

तिलाही तसा आधार लागेल : मोशन ग्राफिक्स (पडद्यावर हलणारी अक्षरं आणि आकृत्या), चित्रपटांची श्रेयनामावली, रंगमंचावरचं प्रोजेक्शन, किंवा शिकवणं. वेग आणि लय यांची जी जाण ती आत्ता कमावतेय, तीच तिथे कामी येते. म्हणून ॲनिमेशनच्या पदवीला जाऊ द्या, फक्त पहिल्या वर्षी चित्रकला आणि टायमिंग (कुठली हालचाल किती चौकटींत करायची ते) हाताने शिकवतात का, ते चौकशी करून घ्या. सॉफ्टवेअर नंतरही शिकता येतं.

प्रवेशाआधी तिला एक मिनिटाची फिल्म पुरी करायला सांगा. कौशल्यापेक्षा मी हे बघेन, की पहिल्यांदा पडद्यावर बघून झाल्यावर न जमलेला भाग ती पुसून पुन्हा रंगवायला बसते का. बसली, तर फी भरताना कचरू नका.